फास्टर फेणेचा पुढचा भाग आधी वाचला तर चालतो का? उत्तर भा. रा. भागवतांच्या आयुष्यात सापडतं

छत्रपती संभाजीनगर : मे संपत आला की औरंगपुरा, गुलमंडीकडच्या दुकानांत दोन प्रकारची गर्दी दिसते. एक वह्या, कंपासपेटी, दप्तर घेणाऱ्यांची. दुसरी जरा विरळ. सुट्टीचे उरलेले दिवस पोराच्या हातातून मोबाईल कसा सोडवायचा, या विवंचनेतल्या पालकांची. बारा-तेरा वर्षांच्या मुलासाठी मराठीत एखादी रहस्यकथा आहे का, असं विचारलं की समोरून बहुतेक वेळा एकच नाव येतं. फास्टर फेणे.

अडचण इथून पुढे सुरू होते. मालिकेत पुस्तकं वीस, आणि कपाटात असतात चार-पाच. त्यातलं पहिलं कोणतं हे पाठीवर लिहिलेलं नसतं. घरी वेबसीरिज बघायची सवय अशी की पहिला सीझन सोडून तिसरा लावला तर भांडण होतं. मग पुस्तकाचं काय? पुढचा भाग आधी वाचला तर कळेल का?

कळेल. अगदी मधलं पुस्तक उचललं तरी कळेल. आणि हा योगायोग नाही. ज्या माणसाने ही मालिका लिहिली, त्याने आयुष्याचा मोठा भाग मराठी मुलांच्या हातात पुस्तक कसं पडतं, हेच बघण्यात घालवला होता. भास्कर रामचंद्र भागवत हे त्यांचं पूर्ण नाव. जन्म ३१ मे १९१०, मृत्यू २७ ऑक्टोबर २००१. म्हणजे शाळा उघडायच्या तोंडावर दरवर्षी त्यांची जयंती येते.

भा. रा. भागवत कोण होते?

लेखक, संपादक, अनुवादक आणि पत्रकार अशी त्यांची ओळख पुस्तकांत दिलेली असते. चारही खरं आहे. पण या चारही कामांत एक गोष्ट समान होती, ती म्हणजे वाचक लहान होता. मोठ्यांसाठी लिहून नाव झालं आणि मग हौस म्हणून मुलांसाठी दोन पुस्तकं लिहिली, असे लेखक मराठीत बरेच सापडतात. भागवतांचं तसं नाही. त्यांनी मुलांसाठी लिहिणं हाच मुख्य धंदा मानला.

हे सोपं नव्हतं. मराठीत बालसाहित्याला मान कमी आणि पैसा त्याहून कमी, ही तक्रार आजही ऐकू येते. त्यांच्या काळात तर मुलांचं पुस्तक म्हणजे बोधकथा, नाहीतर पुराणातली गोष्ट, असा सर्वसाधारण समज होता. अशा वेळी भागवतांनी ‘बालमित्र’ नावाचं मुलांचं मासिकही चालवलं. मासिक चालवणं म्हणजे दर महिन्याला नव्या मजकुराची सोय करणं आणि अंक मुलांना आवडला की नाही हे पुढच्या महिन्यात कळणं. मालिका लिहिणाऱ्याला यापेक्षा चांगली शाळा नाही.

घरातही वातावरण तसंच होतं. पत्नी लीलावती भागवत या स्वतः बालसाहित्यिक. आकाशवाणीच्या मुंबई केंद्रावरच्या त्यांच्या कामामुळे त्यांचं नाव घराघरांत पोहोचलं होतं. नवरा-बायको दोघेही मुलांसाठी लिहितात, असं घर मराठीत विरळाच.

भागवतांचा विनोद कसा होता, हे त्यांच्या एका पुस्तकाच्या नावावरून कळतं. ‘भाराभर गवत’. सावकाश म्हणून बघा. भा. रा. भागवत. स्वतःच्या नावाची अशी फोड करून ती पुस्तकावर छापणारा माणूस मुलांशी पट्टी घेऊन बोलणारा नसणार, एवढा अंदाज बांधायला हरकत नाही.

फेणेच्या आधी होता ज्यूल व्हर्न

फास्टर फेणेमुळे भागवतांचं दुसरं मोठं काम झाकलं गेलं. फ्रेंच लेखक ज्यूल व्हर्न याला मराठी मुलांपर्यंत पोहोचवणारे प्रमुख लेखक तेच. ‘चंद्रावर स्वारी’, ‘पाताळलोकची अद्भुत यात्रा’, ‘समुद्रसैतान’, ‘मुक्काम शेंडेनक्षत्र’ ही त्यातली काही नावं.

नावांकडे पुन्हा एकदा बघा. धूमकेतू हा शब्द हाताशी असताना त्यांनी शेंडेनक्षत्र घेतला. शेंडी असलेलं नक्षत्र. दहा वर्षांच्या मुलाच्या डोळ्यासमोर चित्र लगेच उभं राहतं. ‘मुक्काम’ हा तर पत्रावर, एसटीच्या पाटीवर दिसणारा शब्द. धूमकेतूवर जाणं म्हणजे जणू मामाच्या गावाला जाणं. मूळ लेखक फ्रान्सचा, विषय अंतराळाचा, पण मराठी इथली, रोजच्या वापरातली. मराठी विज्ञानकथेचा इतिहास लिहिणारे भागवतांना सोडून पुढे जाऊ शकत नाहीत. स्वतंत्र विज्ञानकथाही त्यांनी लिहिली, ‘उडती छबकडी’ त्यातलीच.

माणूस चंद्रावर उतरला तो जुलै १९६९ मध्ये. भागवत तेव्हा ५९ वर्षांचे होते. व्हर्नने चंद्राची सफर लिहिली त्याला तोवर शंभर वर्षं उलटली होती.

अनुवादाने भागवतांना काय दिलं असेल? व्हर्नच्या गोष्टीत माहिती आणि वेग एकत्र असतात. भूगोल, यंत्रं, अंतरं, दिवसांचा हिशोब हे सगळं येतं, पण गोष्ट थांबत नाही. पुढे फास्टर फेणेत हेच दिसतं. काश्मीर, प्रतापगड, जंगल, चक्रीवादळ अशा नव्या नव्या ठिकाणी आणि प्रसंगांत मुलगा जातो, आणि वाचणाऱ्याला आपण भूगोल शिकतोय याचा पत्ताही लागत नाही.

तेव्हा मराठी मुलं काय वाचत होती?

फेणे नवा का वाटला, हे समजायला आधीचं चित्र पाहावं लागतं. मुलांसाठी ‘आनंद’ हे मासिक १९०६ पासून होतं. साने गुरुजींचा श्याम घराघरांत होता. ना. धों. ताम्हनकरांचा गोट्या होता. श्याम आईजवळ बसून रडतो आणि शहाणा होतो. गोट्या गुणी, हुशार, लोकांच्या अडचणीला धावून जाणारा. दोघेही वाचकांचे लाडके. पण घरात न सांगता बाहेर पडून चोराच्या मागे लागणं हे त्यांचं काम नव्हतं.

चोराच्या मागे लागणारे लोक मराठीत भरपूर होते, ते बाबूराव अर्नाळकरांच्या पुस्तकांत. झुंजार, काळापहाड, धनंजय आणि छोटू. अर्नाळकरांनी हजाराहून जास्त रहस्यकथा लिहिल्या. त्या मोठ्यांसाठी होत्या, आणि मुलं त्या चोरून वाचायची. अभ्यासाच्या पुस्तकात लपवून अर्नाळकर वाचल्याच्या आठवणी त्या पिढीतल्या कुणालाही विचारा.

म्हणजे एका बाजूला घरचे देतील अशी पुस्तकं, दुसऱ्या बाजूला घरच्यांपासून लपवायची पुस्तकं. मधली जागा रिकामी होती. रहस्य आहे, धोका आहे, पाठलाग आहे, पण उघडपणे वाचता येतं आणि नायक आपल्याच वयाचा आहे. भागवतांनी ती जागा ओळखली.

बनेश फेणे हा मुलगा कोण?

नाव बनेश. आडनाव फेणे. गाव फुरसुंगी, पुण्याजवळ, हडपसरच्या पुढे. शिकायला पुण्यात, विद्याभवन शाळेत. अंगाने काटकुळा, चौकड्यांचा शर्ट, बुडाखाली सायकल. काही उमगलं किंवा आश्चर्य वाटलं की जिभेने टाळूवर आवाज काढायचा, ट्टॉक. सुभाष देसाई, माली अशी सोबतची मंडळी. एवढं माहीत असलं की कोणतंही पुस्तक उघडायला वाचक तयार.

फुरसुंगी हे नाव ऐकलं की फुरसत आठवते, आणि तिथला पोरगा मात्र ‘फास्टर’. आज याच गावाचं नाव पुणेकरांना आयटी पार्क आणि कचरा डेपोच्या बातम्यांमुळे माहीत आहे. मराठवाड्यातल्या वाचकाला मात्र ते गाव एका सायकलवाल्या पोरामुळे ठाऊक झालं, तेही पुण्याला न जाता.

सायकलीचं महत्त्व आज पटकन लक्षात येत नाही. बाल-गुप्तहेराच्या गोष्टीत लेखकापुढे पहिला प्रश्न असतो की पालकांना बाजूला कसं करायचं. आई-बाबा सोबत असतील तर चोर तेच पकडतील, नाहीतर पोलिसांना फोन करून घरी झोपायला जातील. इंग्रजी गोष्टींत त्यासाठी सुट्टी, बेट, मावशीचं घर वापरलं जातं. भागवतांनी दोन गोष्टी केल्या. मुलाला गावाहून शिकायला शहरात आणलं आणि त्याला सायकल दिली. सायकलीला लायसन्स लागत नाही, पेट्रोल लागत नाही, कुणाची परवानगीही फारशी लागत नाही. पुणं तेव्हा सायकलींचंच शहर होतं, त्यामुळे हे खोटंही वाटत नाही. तेरा वर्षांच्या मुलाला मोठ्यांशिवाय दहा-पंधरा किलोमीटरचा परिसर मोकळा झाला.

आज जालना रोडवर तेरा वर्षांच्या मुलाला एकट्याने सायकल घेऊन पाठवायची हिंमत किती पालक करतील? फास्टर फेणे वाचताना आताच्या मुलांना सगळ्यात अद्भुत काय वाटत असेल तर ते विमानचोर नसावेत, हे एकट्याने फिरणं असावं.

आणखी एक गंमत भागवतांनी केली. ते स्वतः गोष्टीत येतात. बनेश आपले पराक्रम येऊन सांगतो आणि भागवत ते लिहून काढतात, अशी ही मांडणी. होम्सच्या गोष्टीत वॉटसन असतो तसे इथे खुद्द लेखक. मुलाला वाटतं, हा पोरगा खरोखर फुरसुंगीत राहत असणार, नाहीतर लेखकाच्या घरी कसा जाईल? या एका युक्तीमुळे गोष्ट बातमीसारखी वाटू लागते. पत्रकारितेतल्या माणसाला ती सुचली, यात नवल नाही.

जगात असे मुलं-गुप्तहेर कधी आले?

भागवत या वाटेवर एकटे नव्हते. जर्मन लेखक एरिश केस्टनर याचा ‘एमिल’ १९२९ मध्ये आला. रेल्वेत पैसे चोरीला गेलेला मुलगा बर्लिनमधली पोरं गोळा करून चोराला घेरतो. अमेरिकेत हार्डी बॉईज १९२७ मध्ये आणि नॅन्सी ड्रू १९३० मध्ये सुरू झाली. या दोन्ही मालिका म्हणजे कारखाना होता. हार्डी बॉईजच्या मुखपृष्ठावर लेखक म्हणून फ्रँकलिन डिक्सन हे नाव असायचं, पण असा माणूसच नव्हता. एक कंपनी कथानकाचा आराखडा ठरवायची आणि वेगवेगळे लेखक ठराविक पैसे घेऊन पुस्तक लिहून द्यायचे. इंग्लंडमध्ये एनिड ब्लायटनची ‘फेमस फाइव्ह’ १९४२ ते १९६३ अशी चालली, पुस्तकं २१.

बंगालमध्ये सत्यजित राय यांनी १९६५ मध्ये ‘संदेश’ या मुलांच्या मासिकात फेलूदा आणला. राय यांच्या आजोबांनी सुरू केलेलं आणि त्यांनी स्वतः पुन्हा जिवंत केलेलं हे मासिक. म्हणजे मासिक आणि मालिका यांचं नातं तिथेही दिसतं. फेलूदा मात्र वयाने मोठा, त्याचा चुलतभाऊ तोपशे किशोरवयीन. आपल्याकडे थेट शाळकरी मुलालाच पुढे केलं.

परदेशी मालिकांशी तुलना केली की एक फरक ठळक दिसतो. तिकडे पाठीशी कारखाने होते, मोठे प्रकाशक होते. इकडे एक माणूस होता.

मालिका ‘सिरीज’ की ‘पॅरलल’?

आता मूळ प्रश्न. पुढचा भाग आधी वाचला तर काय होतं?

दिवाळीतल्या दिव्यांच्या माळा आठवा. जुन्या माळेत एक दिवा गेला की सगळी माळ विझायची, कारण वीज एकातून दुसऱ्यात जायची. ही सिरीज जोडणी. घरातले दिवे पॅरलल जोडलेले असतात. एक गेला तरी बाकीचे चालू. वेबसीरिज जुन्या माळेसारखी, एक भाग चुकला की पुढे अंधार. फास्टर फेणे घरातल्या दिव्यांसारखा. नायक, त्याची शाळा, सायकल, ट्टॉक आणि मित्र हे दरवेळी तेच. बाकी रहस्य, ठिकाण, खलनायक नवीन. मागच्या पुस्तकातली माहिती पुढच्यात लागली तर तिथेच दोन ओळींत सांगितली जाते.

बनेश मोठाही होत नाही. पंधरा वर्षं पुस्तकं येत राहिली, पोरगा शाळेतच. नापास झाला म्हणून नव्हे. नव्या वाचकाला तो नेहमी आपल्याच वयाचा सापडावा म्हणून.

याचं मोल मराठवाड्यात जास्त कळतं. १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत हा भाग निजामाच्या राज्यात होता आणि वरच्या वर्गांच्या शिक्षणात उर्दूचं वर्चस्व होतं. मराठी शाळा, मराठी पुस्तकं, वाचनालयं यांचा विस्तार पुढे झाला. महाराष्ट्र सार्वजनिक ग्रंथालय कायदा १९६७ चा. त्यानंतर अनुदानावर तालुक्याला, मोठ्या गावांत वाचनालयं वाढली. पुण्या-मुंबईच्या मुलाला दुकानात संच मिळत असेल, पण पैठण, सिल्लोड, कन्नडच्या मुलाला वाचनालयात जो भाग परत आलेला असेल तोच मिळायचा. कधी तिसरा, कधी अकरावा, कधी मुखपृष्ठ गेलेला. त्या मुलासाठी पहिल्या भागापासून सुरुवात हा पर्यायच नव्हता. क्रमानेच वाचावी लागेल अशी मालिका असती, तर शहराबाहेरचा निम्मा वाचक पहिल्याच पुस्तकावर तुटला असता.

शेवटच्या पानाचं मात्र सांगता येत नाही. वाचनालयातल्या रहस्यकथेचं शेवटचं पान कुणीतरी फाडलेलं असणं हे मोठं दुःख, आणि त्यावर भागवतांकडेही उपाय नव्हता.

६४ व्या वर्षी सायकलवर

पुस्तकरूपात फास्टर फेणेची मालिका १९७४ ते १९८९ या काळात आली, असं मानलं जातं. काही गोष्टी त्याआधी मासिकांतून मुलांपर्यंत पोहोचल्या होत्या. आता वयाचा हिशोब करा. १९७४ मध्ये भागवत ६४ वर्षांचे होते आणि १९८९ मध्ये ७९ वर्षांचे. ज्या वयात लोक पेन्शनचे कागद घेऊन बँकेच्या रांगेत उभे राहतात, त्या वयात हा माणूस तेरा वर्षांच्या पोराला विमानचोरांच्या मागे सोडत होता.

बनेशच्या आजोबांचं वय असलेला लेखक, तरी पोरगा आजोबांसारखा बोलत नाही. मालिकेची नावंच पाहा. ‘ट्रिंग ट्रिंग फास्टर फेणे’, ‘आगे बढो फास्टर फेणे’, ‘फास्टर फेणेची एक्स्प्रेस कामगिरी’, ‘चिंकू चिंपांझी आणि फास्टर फेणे’. एकाचं नाव चक्क ‘टिक टॉक फास्टर फेणे’. (२०२० मध्ये बंदी आलेल्या अ‍ॅपशी त्याचा संबंध नाही, पुस्तक कितीतरी वर्षं जुनं आहे.) शीर्षकात आवाज असला पाहिजे आणि हालचाल असली पाहिजे, हे त्यांनी शेवटपर्यंत सोडलं नाही.

याच काळात मुलांचा वेळ वाटून घेणारेही वाढत होते. बालभारतीचं ‘किशोर’ मासिक १९७१ मध्ये सुरू झालं, ती चांगलीच गोष्ट. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ पासून. पुढच्या पंधरा वर्षांत टीव्ही घरोघरी आला. मुलं पुस्तकापासून दूर जातील ही भीती तेव्हाही व्यक्त व्हायची, आज मोबाईलबद्दल होते तशीच. भागवतांनी त्यावर काय केलं, तर आणखी एक भाग लिहिला.

वाचणाऱ्या मुलावरही त्यांची एक मालिका आहे. तिच्या नायकाचं नाव बिपिन बुकलवार. पुस्तकांनी झपाटलेला मुलगा. फेणे सायकलवरून धावतो आणि बुकलवार पुस्तकातून. मुलांच्या चर्चेत फेणे पुढे गेला, बुकलवार मागे पडला. वाचनाची आवड असलेल्या मुलाला नायक करणं जास्त अवघड असतं, आणि खरं तर त्याचं अधिक कौतुक व्हायला हवं होतं.

आज वाचताना काय खटकतं?

सगळं आजही तसंच चकचकीत आहे, असं म्हणणं खोटं ठरेल. बनेश योगायोगाने फार वेळा बरोबर जागी पोहोचतो. चोर कधी कधी इतके बावळट असतात की त्यांना पकडायला शाळकरी मुलगाही जास्तच वाटावा. जग बहुतांशी मुलग्यांचं आहे. माली सोबत असली तरी पुस्तकाच्या नावात बनेशच आहे. नॅन्सी ड्रू अमेरिकेत १९३० मध्येच येऊनही मराठीत तिच्या तोडीची लोकप्रिय मुलगी-गुप्तहेर झाली नाही, हा दोष एकट्या भागवतांचा नसला तरी मराठी बालसाहित्याच्या खात्यावर आहेच.

काही शब्द आताच्या मुलांना अडतील. ट्रंक कॉल म्हणजे काय, तार का करायची, हे घरातल्या आजोबांना विचारावं लागेल. विचारू द्या. तेवढ्याने पुस्तक बंद करून ठेवायचं कारण नाही.

मोबाईल नसल्याने रहस्य टिकतं, हेही लक्षात घ्यायला हवं. बनेश संकटात सापडला की त्याला लोकेशन पाठवता येत नाही. निरोप पोहोचवण्यासाठी डोकं चालवावं लागतं. आजचा लेखक अशी गोष्ट लिहायला बसला तर पहिल्या पाच पानांत त्याला फोनची बॅटरी तरी संपवावी लागते, नाहीतर रेंज तरी घालवावी लागते.

पडद्यावरचे दोन फेणे

१९८० च्या दशकात दूरदर्शनवर फास्टर फेणेची मालिका आली. बनेशच्या भूमिकेत होता सुमीत राघवन. आजच्या प्रेक्षकांना तो ‘साराभाई व्हर्सेस साराभाई’ आणि ‘वागले की दुनिया’मुळे माहीत आहे, पण एका पिढीसाठी तो आधी फेणे होता.

पुढे चित्रपट आला तो २७ ऑक्टोबर २०१७ रोजी. भागवतांच्या स्मृतिदिनीच. दिग्दर्शक आदित्य सरपोतदार, बनेशच्या भूमिकेत अमेय वाघ, खलनायक गिरीश कुलकर्णी. निर्मात्यांत रितेश देशमुख. इथला बनेश शाळकरी नाही. तो वैद्यकीय प्रवेश परीक्षेसाठी पुण्यात येतो आणि परीक्षेतल्या गैरव्यवहाराच्या मुळाशी जातो. मूळ मालिकेच्या चाहत्यांना नायकाचं वाढलेलं वय खटकलं असेल, पण परीक्षेचा घोटाळा हा विषय मात्र नेमका निवडला होता. आताच्या मुलांना विमानचोरापेक्षा पेपर फोडणारा जास्त जवळचा शत्रू वाटतो.

चित्रपटात भा. रा. भागवत हे पात्रही आहे आणि ते दिलीप प्रभावळकरांनी साकारलंय. प्रभावळकर हे स्वतः ‘बोक्या सातबंडे’चे लेखक. मराठीतल्या एका धडपड्या पोराच्या जनकाने दुसऱ्या धडपड्या पोराच्या जनकाची भूमिका करावी, हे कास्टिंग ज्याने केलं त्याला दाद द्यायला हवी.

मग सुरुवात कोणत्या पुस्तकापासून करायची?

मुलाला ज्याचं नाव आवडेल त्यापासून. फिरायची आवड असेल तर ‘फास्टर फेणेची काश्मिरी करामत’ किंवा ‘गुलमर्गचे गूढ आणि फास्टर फेणे’. किल्ले आवडत असतील तर ‘प्रतापगडावर फास्टर फेणे’. सैन्यात जायचं स्वप्न असेल तर ‘जवानमर्द फास्टर फेणे’. निव्वळ तपास हवा असेल तर ‘फास्टर फेणे डिटेक्टिव्ह’. पुस्तकं लहान आहेत. वाचायची सवय नसलेल्या मुलालाही दोन-तीन बैठका पुरतात. पहिलं पुस्तक पालकांनी रात्री मोठ्याने वाचून दाखवलं आणि ऐन पाठलागात थांबवलं, तर पुढचं मूल स्वतः वाचतं. हा उपाय जुना आहे आणि अजून चालतो.

एक गोष्ट मात्र सांगायला हवी. या पुस्तकांचं पीडीएफ व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर फिरत असेल आणि लेखक हयात नाहीत म्हणून ते फुकट झालं, असा कुणाचा समज असेल तर तो चुकीचा आहे. भारतीय कायद्यानुसार लेखकाच्या मृत्यूनंतरच्या वर्षापासून पुढे ६० वर्षं कॉपीराइट राहतो. व्हर्न १९०५ मध्ये गेला, त्यामुळे त्याचं मूळ फ्रेंच लेखन सगळ्यांचं झालंय. पण भागवतांनी केलेल्या मराठी अनुवादावर भागवतांचा वेगळा हक्क आहे. फास्टर फेणेचंही तसंच. पुण्याच्या उत्कर्ष प्रकाशनाने ही मालिका वाचकांसाठी उपलब्ध ठेवली आहे, वाचनालयांतही ती सापडते.

भागवत २००१ मध्ये गेले. हिशोब केला तर त्यांच्या पुस्तकांवरचा हक्क ३१ डिसेंबर २०६१ रोजी संपेल आणि १ जानेवारी २०६२ पासून बनेश फेणे सगळ्यांचा होईल. आज औरंगपुऱ्यातल्या दुकानात अकरावा भाग हातात घेऊन उभं असलेलं पोरगं तेव्हा पन्नाशीच्या आसपास असेल.